कामगारांचा वाद चालू असताना साइटला पोलीस बंदोबस्त: अर्ज कोणाकडे, कशाच्या आधारावर, आणि पोलीस नेमकं काय करतात?

ओळंबा (प्रश्नकर्ता)

प्रश्न महाराष्ट्रापुरता आहे. परिस्थिती अशी: चौदा मजली इमारत, नवव्या मजल्याचा स्लॅब भरायचाय. सेंटरिंगचा (स्लॅबखालचा फळ्या-टेकूंचा तात्पुरता आधार) ठेकेदार आणि त्याचे कामगार यांचं हिशेबावरून बिनसलंय. कामगार काम थांबवून गेटबाहेर बसलेत, युनियनचा बोर्डही लागलाय. त्यातच तिसरीच मंडळी येऊन ‘माल उतरवायचा तर आमचीच माणसं, नाहीतर गाडीमागे पैसे’ असं सांगून जातात. पोलीस ठाणं म्हणतं, हा कामगारांचा विषय, लेबर ऑफिसला जा. लेबर ऑफिस म्हणतं, गेट अडवलं असेल तर पोलिसांकडे जा.

बंदोबस्ताचा अर्ज कसा करायचा? पैसे भरावे लागतात का? कोर्टाचा हुकूम आधी लागतो का? आणि बंदोबस्त मिळाला तरी पोलीस काय करू शकतात, काय नाही? मोघम सल्ला नको, कलमं आणि क्रम सांगा.

---

जुनं_ठाणं

पहिली चूक तुमच्या वर्णनातच आहे. हे एक प्रकरण नाही, तीन आहेत, आणि तिन्ही एकाच अर्जात कोंबली की ठाणे अंमलदाराला ‘कामगारांचा विषय’ म्हणणं सोपं जातं.

एक, मजुरीचा वाद. त्यात पोलिसांचं काहीच काम नाही. दोन, गेटची अडवणूक. ती शांतपणे बसण्यापुरती असेल तर गुन्हा नाही. गाडी आडवी लावली, माणसाला आत-बाहेर जाऊ दिलं नाही, तर भारतीय न्याय संहितेचं कलम १२६, म्हणजे बेकायदा अटकाव. माणसाला चारी बाजूंनी कोंडून ठेवलं तर १२७. तीन, गाडीमागे पैसे मागणारी मंडळी. त्यांचा कामगारांशी संबंध असेल-नसेल, भीती घालून पैसे घेणं ही खंडणीच. पैसे दिले गेले असतील तर ३०८(२), सात वर्षांपर्यंत शिक्षा. दिले नसतील, नुसती भीती घातली असेल तर ३०८(३). फिर्यादीत हा फरक नेमका लिहा. ‘खंडणी मागितली’ एवढ्यावर कलम बसवताना पुढे अडचण येते. कोणी, किती वाजता, कोणत्या गाडीसमोर, कोणत्या शब्दांत, किती रुपये, हे लागतं.

‘कामगारांचा विषय आहे, आम्ही पडणार नाही’ हे उत्तर कायद्यात टिकत नाही. पश्चिम बंगालमध्ये १९६७ साली सरकारने परिपत्रकं काढली होती, की घेराव असेल तर पोलिसांनी आधी कामगारमंत्र्यांना विचारावं. कलकत्ता उच्च न्यायालयाने जय इंजिनिअरिंग वर्क्सच्या खटल्यात त्याच वर्षी ती रद्द केली. न्यायालयाचं म्हणणं साधं होतं: दखलपात्र गुन्हा (ज्यात पोलीस वॉरंटशिवाय अटक करू शकतात) युनियनने केला म्हणून तो गुन्हा राहायचा थांबत नाही. आणि दखलपात्र गुन्ह्याची माहिती मिळाली की एफआयआर नोंदवावाच लागतो, हे सर्वोच्च न्यायालयाने ललिता कुमारी प्रकरणात २०१३ मध्ये सांगितलंय.

आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी, १ जुलै २०२४ पासून) थोडी भर आहे. तीन वर्षं किंवा जास्त पण सात वर्षांपेक्षा कमी शिक्षेच्या गुन्ह्यात उपअधीक्षकाच्या परवानगीने १४ दिवसांत प्राथमिक चौकशी करता येते. ३०८(२) ला शिक्षा सात वर्षांपर्यंत आहे, त्यामुळे ते या सवलतीत बसत नाही. ठाण्याने नोंद नाकारली तर १७३(४) प्रमाणे तक्रार लेखी, पोस्टाने पोलीस अधीक्षकांकडे (आयुक्तालयात उपायुक्तांकडे), तिथेही काही झालं नाही तर दंडाधिकाऱ्यांकडे.

बंदोबस्ताचं वेगळं. महाराष्ट्र पोलीस अधिनियम १९५१, कलम ४७: कोणीही अर्ज केला तर आयुक्त किंवा अधीक्षक जादा पोलीस देऊ शकतात, खर्च अर्जदाराचा. कलम ४८ तर जणू तुमच्याच प्रश्नासाठी लिहिलंय: मोठं काम चालू असेल, किंवा उभारणी चालू असलेल्या वा चालू असलेल्या उद्योगातल्या माणसांच्या वागण्याची वाजवी भीती असेल, तर जादा पोलीस नेमता येतात आणि खर्च काम करवून घेणाऱ्याकडून घेतला जातो. फरक एवढाच की ४७ तुमच्या अर्जावर चालतं, ४८ मध्ये निर्णय सरकार किंवा सक्षम अधिकारी स्वतः घेतो. तुम्ही ४७ खाली अर्ज करा आणि ४८ चा उल्लेख ठेवा.

पैशांचं: दखलपात्र गुन्हा रोखायला पोलीस येतात (नागरिक सुरक्षा संहितेचं कलम १६८) त्याचं शुल्क नसतं. ठरावीक तारखेला, ठरावीक तास, ठरावीक संख्येने माणसं उभी हवी असतील तर ते सशुल्क. दर हुद्द्यावर ठरतो, चलन ग्रासवर (राज्य सरकारच्या ऑनलाइन भरणा प्रणालीवर) भरायचं. नगदी कोणाच्याही हातात नाही, पावती नसेल तर तो बंदोबस्तच नाही.

अर्ज दोन पानांपेक्षा लांबवू नका. वरिष्ठ निरीक्षकांना संबोधून, प्रत सहायक आयुक्त आणि उपायुक्तांना. जोडायचं ते: बांधकाम परवानगी (सीसी), ७/१२ किंवा मिळकत पत्रिका, विकसन करार, ठेकेदाराचा करार, साइटचा नकाशा आणि त्यावर गेट लाल पेनने दाखवलेलं, आधीच्या तक्रारींच्या आवक क्रमांकासह प्रती. शेवटी मागणी एका वाक्यात: अमुक तारखेला अमुक ते अमुक वेळेत गेट क्र. २ मधून गाड्यांची ये-जा अडवली जाऊ नये. ‘आंदोलन हटवा’ असं लिहिलंत की अर्ज बाजूला पडतो. प्रत्येक प्रतीवर शिक्का आणि आवक क्रमांक घ्या. नुसती सही चालत नाही, ती कोणाची होती हे सहा महिन्यांनी कोणालाच आठवत नाही.

---

वकीलपत्र

वरचं बरोबर आहे, कोर्टाची बाजू जोडतो.

बंदोबस्तासाठी हुकूम आधी लागतोच असं नाही. पण हुकूम हातात असेल तर ठाण्याचं वागणं बदलतं, कारण मग त्यांना दोन्ही बाजूंचा न्याय करायची गरज उरत नाही, फक्त अंमलबजावणी उरते.

कुठे जायचं हे समोर कोण आहे त्यावर. कामगार आणि युनियन असेल तर महाराष्ट्राचा १९७१ चा कामगार संघ मान्यता आणि अनुचित प्रथा प्रतिबंध कायदा. परिशिष्ट ३ मध्ये युनियनच्या अनुचित प्रथा आहेत: घेराव, कामाची वेळ संपल्यावर जागेत ठाण मांडणं, मालकाच्या घरासमोर निदर्शनं, हिंसेची धमकी. कलम २८ खाली औद्योगिक न्यायालयात तक्रार, घटनेपासून ९० दिवसांच्या आत, आणि कलम ३०(२) खाली अंतरिम हुकूम मागायचा. याच कायद्याचं कलम ६० दिवाणी न्यायालयाला अशा विषयांतून बाहेर ठेवतं, त्यामुळे युनियनविरुद्ध सरळ दिवाणी दावा लावला की पहिल्याच तारखेला अधिकारक्षेत्राचा वाद निघतो आणि तुमचा स्लॅब तसाच राहतो. उलट, गाडीमागे पैसे मागणारे बाहेरचे लोक कामगार नाहीत, युनियन नाहीत. त्यांच्याविरुद्ध दिवाणी न्यायालयात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९ नियम १ व २ चा मनाईहुकूम चालतो. दोन्ही गटांना एकाच दाव्यात प्रतिवादी करू नका.

तक्रारदार कोण, हा इथला नेहमीचा खड्डा. कामगार ठेकेदाराचे असतील तर त्यांचा मालक ठेकेदारच. बिल्डर एकट्याने गेला की समोरचा वकील उठून विचारतो, ‘हे तुमचे कामगार आहेत का?’ हो म्हणालात तर कायम नोकरीच्या दाव्याला दार उघडलंत, नाही म्हणालात तर तक्रार कशी केली? म्हणून ठेकेदाराला तक्रारदार १ करा, स्वतः तक्रारदार २ म्हणून या आणि तुमचा हक्क जागेच्या वापरापुरता आहे असं स्पष्ट लिहा.

संपाच्या नोटिशीचंही बघा. १९७१ च्या कायद्यात आणि नव्या औद्योगिक संबंध संहितेतही नोटिशीनंतर १४ दिवस जायच्या आत केलेला संप बेकायदा ठरतो. मात्र चार कामगार संहिता २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झाल्यात, तेव्हा जुन्या केंद्रीय कायद्यांची कलमं जुन्या मसुद्यातून उचलून चिकटवू नका.

हुकूम असा मागा की तो गेटवर उभ्या हवालदाराला वाचून समजेल. अंतर मीटरमध्ये, कुठून मोजायचं ते (गेटच्या खांबापासून), गाड्या आणि माणसं दोन्ही, आणि ‘संबंधित वरिष्ठ निरीक्षकांनी अंमलबजावणीस साहाय्य करावं’ हे वाक्य. शांततेने, त्या अंतराबाहेर निदर्शनं करायला हरकत नाही हे स्वतःच लिहून द्या. न्यायाधीश ते घालणारच आहेत, तुम्ही आधी लिहिलंत तर हुकूम त्याच दिवशी मिळायची शक्यता वाढते. शांत निदर्शनाला घटनेचं संरक्षण आहे, पण ते दुसऱ्याच्या आवारात करण्याचा हक्क नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने रेल्वे बोर्ड विरुद्ध निरंजन सिंग मध्ये १९६९ ला सांगून ठेवलंय. हुकूम मिळाल्यावर युनियनला बजावा, गेटवर चिकटवा, चिकटवताना पंचनामा करा.

उच्च न्यायालयात घटनेच्या अनुच्छेद २२६ ची याचिका हा शेवटचा रस्ता, पहिला नाही. आधी अर्ज, मग स्मरणपत्र, मग याचिका. आणि जागेचा किंवा हक्काचाच वाद असेल तर पोलीस संरक्षणाच्या याचिकेतून तो सोडवून घेता येत नाही. २००६ च्या मुरलीधरन निकालात सर्वोच्च न्यायालयाने हे बजावलंय. केरळात अशा याचिका सर्रास होतात. तिथे काम न करता नुसतं बघत उभं राहायची मजुरी मागतात, तिला ‘नोक्कुकूली’ म्हणतात. सरकारने १ मे २०१८ पासून ती बंद केली, तरी २०२१ मध्ये तिथल्या उच्च न्यायालयाला ‘ही खंडणी आहे, गुन्हे नोंदवा’ असं सांगावं लागलं.

---

हजेरी_मस्टर

कामगारांच्या बाजूने लिहितोय, आणि राग मानू नका, पण प्रश्नात एक ओळ सगळ्यांनी ओलांडली: ‘हिशेबावरून बिनसलंय’. किती हिशेब थकलाय?

मजुरी संहितेप्रमाणे महिन्याचा पगार पुढच्या महिन्याच्या ७ तारखेच्या आत, आणि कामावरून काढलं किंवा सोडून गेला तर दोन कामाच्या दिवसांत. ठेकेदाराने दिला नाही तर ज्याच्यासाठी काम चाललंय त्याने द्यायचा आणि ठेकेदाराकडून वसूल करायचा. हे दान नाही, कायदेशीर जबाबदारी आहे. बंदोबस्ताच्या अर्जासोबत मस्टर आणि पगारपत्रक जोडलेलं असेल तर अधिकारीही अर्ज वेगळ्या नजरेने वाचतात. थकबाकी निघत असेल तर ठेकेदाराच्या आरए बिलातून (कामाच्या चालू टप्प्याच्या बिलातून) ती रक्कम रोखा आणि थेट कामगारांच्या खात्यात टाका. आठवड्याची खर्ची आणि उचल वजा करताना प्रत्येकाला त्याची ओळ दाखवा. बहुतेक भांडणं एकूण रकमेवरून नसतात. ‘माझ्या नावावर एवढी उचल कशी?’ इथून सुरू होतात. मुकादमाने घेतलेली उचल दहा जणांच्या नावावर वाटली गेलेली असते.

पोलीस उभे असताना काय करता येत नाही तेही माहीत असू द्या. पोलीस कोणाला कामावर चढवू शकत नाहीत. ठाण्यात बसवून मजुरीचा आकडा ठरवू शकत नाहीत. युनियनचा बोर्ड बोर्ड आहे म्हणून काढू शकत नाहीत. आणि कामगार साइटवरच्याच झोपड्यांत राहत असतील तर विषय आणखी नाजूक: गेटला कुलूप घालून त्यांना आत अडवलं तर तेच कलम १२७ तुमच्यावर येतं. पाणी-वीज तोडून त्यांना हुसकावणं तर करूच नका. असं कोणी केलं की दुसऱ्या दिवशी वाद मजुरीचा राहत नाही, आणि पोलिसांना बाजू घ्यायची झाली तर ती तुमची नसते.

बांधकाम कामगार मंडळाकडची नोंदणीही तपासा. मागच्या १२ महिन्यांत ९० दिवस काम, वय १८ ते ६०. बांधकाम खर्चाच्या १ टक्का उपकर तुम्ही भरलेलाच असतो, मग ९० दिवसांचं प्रमाणपत्र द्यायला ठेकेदार का टाळतो? ते पत्र दिलं की निम्मा राग उतरतो.

---

वाराई_बंद

‘आमचीच माणसं’वाल्यांबद्दल. माथाडी कायदा (१९६९) खरा आहे आणि त्यातली नोंदीत टोळी खरी असेल तर तिचं काम नाकारणं तुम्हालाच महागात पडेल. म्हणून आधी ओळख: टोळी क्रमांक, मंडळाचं ओळखपत्र, तुमची मालक म्हणून नोंदणी. लिहून घ्या आणि माथाडी मंडळाला पत्राने विचारा. खऱ्या व्यवस्थेत मजुरी आणि लेव्ही (मंडळाचा वरचा आकार) मंडळाकडे भरतात, कामगाराला पैसे मंडळाकडून जातात. कोणी गेटवर नगदी मागतोय आणि पावती नाही, तर ती वाराई, म्हणजे हमालीच्या नावाने उकळलेले पैसे. हातगाडीने उतरवायची टाइल आणि पंपाने चढणारं काँक्रीट यातला फरकही पत्रात लिहा. ट्रान्झिट मिक्सर (तयार काँक्रीट आणणारी गाडी) कोणी डोक्यावरून उतरवत नाही.

मंडळाचं उत्तर ‘अशी टोळी नोंदीत नाही’ असं आलं की तोच कागद फिर्यादीला जोडायचा.

---

ओळंबा

खूप उपयोगी. थकबाकीचं मान्य, मस्टर आजच काढतो. आता स्लॅबच्या दिवसाचं सांगा. बंदोबस्त किती वेळाचा मागायचा, आणि मधेच गेट अडलं तर?

---

पंपलाइन

तास आकड्यांवरून काढा, अंदाजाने नाही. समजा स्लॅब ९० घनमीटर आणि मिक्सर ६ घनमीटरचा, म्हणजे १५ खेपा. एका पंपावर तासाला २० ते २५ घनमीटर धरले तर चार-साडेचार तास. पहिल्या गाडीच्या तासभर आधीपासून शेवटच्या गाडीनंतर लाइन धुवून पंप बाहेर पडेपर्यंत, म्हणजे सात तास मागा. पंप स्वतः गेटमधून आत येतो आणि बाहेर जातो हे लोक विसरतात. काँक्रीट संपलं, बंदोबस्त गेला आणि पंप आत अडकला की भाडं चालू.

तयार काँक्रीटच्या भारतीय मानकाप्रमाणे (आयएस ४९२६) गाडी भरल्यापासून दोन तासांत काँक्रीट उतरायला हवं. प्लँट ते साइट ४० मिनिटं लागत असतील तर गेटवर तुमच्याकडे ८० मिनिटं आहेत, त्यात उतरवायची वीस. म्हणजे गेट तासभर अडलं की ती गाडी परत. त्यामुळे प्लँटला एका वेळी रस्त्यावर दोनच गाड्या ठेवायला सांगा. पाच गाड्या रांगेत उभ्या असल्या की अडवणाऱ्याच्या हातात ३० घनमीटर असतं आणि ते त्याला कळतं. उशीर झालेल्या गाडीत पाणी मारून ती चालवू नका.

मधेच थांबायची वेळ आली तर कुठे थांबायचं ते आदल्या दिवशी ठरवा. कन्स्ट्रक्शन जॉइंट (काम थांबवायचा सांधा) स्पॅनच्या, म्हणजे दोन आधारांमधल्या अंतराच्या, मधल्या एक-तृतीयांश भागात, उभ्या फळीने, आधारावर किंवा कोपऱ्यात नाही. फळ्या कापून, सळईसाठी खाचा पाडून दोन ठिकाणी तयार ठेवा. काँक्रीट उतरतं सोडलं तर कोल्ड जॉइंट (जुनं-नवं काँक्रीट एकजीव न झालेला सांधा) होतो आणि पावसाळ्यात बरोबर तिथून गळतं.

आणि एक गोष्ट युनियनकडून आधीच लिहून घ्या, ती बहुतेक मिळते: क्युरिंग (काँक्रीट पाण्याने ओलं ठेवणं), तळघरातला पाणी उपसायचा पंप, सेंटरिंगवर लक्ष ठेवणारे दोन जण आणि रखवालदार यांना आंदोलनातून सूट. आयएस ४५६ मध्ये साध्या सिमेंटला किमान ७ दिवस, मिश्र सिमेंटला १० दिवस क्युरिंग आहे. स्लॅबचे टेकू साडेचार मीटरपर्यंतच्या स्पॅनला ७ दिवस, त्याहून मोठ्याला १४ दिवस. सेंटरिंगचा ठेकेदार भांडणात ‘माझा माल मी घेऊन जातो’ म्हणत चौथ्या दिवशी टेकू काढायला आला, तर तो वाद हिशेबाचा नाही, जिवाचा आहे. तेव्हा सरळ ११२.

---

जुनं_ठाणं

स्लॅबच्या दिवसासाठी आणखी दोन गोष्टी. गेटवर एकच माणूस बोलायला ठेवा, बाकीच्यांनी मोबाईल चालू ठेवून गप्प राहायचं. चित्रीकरण गेटच्या आतून, तारीख-वेळ दिसेल असं. सीसीटीव्हीचा डीव्हीआर (रेकॉर्डर) ठरावीक दिवसांनी स्वतःवरच लिहितो, म्हणून त्याच संध्याकाळी प्रत काढा आणि साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र लगेच तयार करा. त्यात हॅश मूल्य (फाइलच्या मजकुरावरून निघणारा ओळखीचा आकडा) लागतं, ते नंतर काढलेल्या प्रतीचं असेल तर उलटतपासणीत त्यावरच बोट ठेवतात.

खाजगी बाउन्सर आणू नका. गेटवर दोन बाजूंनी काठ्या दिसल्या की आमच्यासाठी, म्हणजे पोलिसांसाठी, तो गट विरुद्ध गट होतो आणि चॅप्टर केस (शांतता राखण्याचा बाँड घेण्याची कारवाई) दोन्हीकडच्यांवर जाते. कलम १२६ म्हटलं की लोक गोंधळतात: न्याय संहितेतलं १२६ म्हणजे अटकाव, सुरक्षा संहितेतलं १२६ म्हणजे शांततेचा बाँड. अर्जात संहितेचं पूर्ण नाव लिहा.

---

ओळंबा

शेवटचं. युनियन म्हणते, ठाण्यात बसून मिटवू. चालेल?

---

हजेरी_मस्टर

ठाण्यात नको. सहायक कामगार आयुक्तांकडे समेट अधिकाऱ्यासमोर करा. दोघांनी आपसात केलेला समझोता सही करणाऱ्यांपुरता असतो, समेट अधिकाऱ्यासमोरचा सगळ्या कामगारांना बांधतो. नाहीतर उद्या दुसरी युनियन त्याच गेटवर येते. मजकूर कामगार वाचतात त्या भाषेत, मराठी प्रत वेगळी. प्रत्येकाची रक्कम, खाते क्रमांकाचे शेवटचे चार आकडे, जमा व्हायची तारीख. ठेकेदाराची सही आणि तुमचीही, थकल्यास तुम्ही भराल या वाक्यासह. गेट किती वाजता मोकळं होणार ते घड्याळाच्या वेळेत लिहा, आणि ती वेळ रक्कम जमा झाल्याच्या संदेशानंतरची ठेवा.